प्रतिष्ठेचा विदूषक : मॅक्स लिंडर



ज्या सद्गृहस्थांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालविली जाते, त्यांना मूकपटांच्या जुन्या रिळांचा जो नाद होता त्याची त्यांच्या हयातीत थट्टा करणाऱ्यांपैकी मी एक. आणि त्या थट्टेचे प्रायश्चित्त म्हणूनच की काय, व्यवस्थापक मंडळींनी यंदाच्या व्याख्यानाची कामगिरी माझ्याकडे सोपविली आहे. विषय निवडण्याची मुभा त्यांनी मला दिली, अट मात्र एक घातली, ती ही की भाषण संपताच एक छोटासा पट दाखवावयाचा असल्यामुळे मी घड्याळाकडे पाहून बोलावे. ज्याचा पट दाखवावयाचा त्याच्याविषयीच बोलावे, म्हणजे मी लांबलो तरी श्रोत्यांचे सर्वस्वी नुकसान होणार नाही, असा हिशेब करून मी आजचा विषय घेतला आहे.

मॅक्स लिंडर (त्याच्या मायदेशी माक्स लँदेर) हे नाव आज उच्चारले तर ऐकणाऱ्याच्या मुद्रेवर ओळखीची रेषा उमटत नाही, आणि ती उमटावी म्हणून 'चॅप्लिनचा गुरू' अशी पुस्ती तत्काळ जोडावी लागते. पुस्ती निराधार नाही. १९१७ साली चॅप्लिनने आपल्या एका छायाचित्रावर स्वहस्ते मजकूर लिहून ते मॅक्सला भेट दिले, त्यात मॅक्सला त्याने 'प्राध्यापक' ही पदवी बहाल केली असून स्वतःस त्याचा शिष्य म्हणवून घेतले आहे. आणि जगाने ज्याला विनोदाचा सम्राट मानले त्याने आपण होऊन लिहून दिलेला हा दस्तऐवज नाकारण्याचे कोणास कारण नाही. परंतु शिष्याच्या सनदेवर गुरूचे वतन चालू ठेवण्याचा जो शिरस्ता चित्रपटांच्या इतिहासात पडून गेला आहे, तो मला मान्य नाही. मुलाच्या नावाने ओळखले जाण्याचा प्रसंग उतारवयात पुष्कळ बापांवर येतो, आणि त्यात त्यांना धन्यताही वाटते. पण मॅक्स चॅप्लिनहून जेमतेम पाच वर्षांनी वडील होता, उतारवय त्याने पाहिलेच नाही, आणि ज्या गोष्टीत तो थोर होता ती गोष्ट चॅप्लिनने त्याच्याकडून उचललेल्या सामानात आलेलीच नाही, असे माझे मत आहे. ते मत बरोबर की चूक हे पुढे आपणच ठरवावे.

त्याचे खरे नाव गाब्रिएल माक्सिमिलियँ लव्हिएल. फ्रान्सच्या नैर्ऋत्येस बोर्दो शहरापासून थोड्या अंतरावर दोर्दोन्य नदीकाठी सँ-लूबेस नावाचे गाव आहे. तेथे द्राक्षमळे बाळगून असलेल्या एका सुखवस्तू कुटुंबात १६ डिसेंबर १८८३ रोजी तो जन्मला. पुढे पडद्यावर त्याने जो ऐटबाज, खुशालचेंडू, पोटापाण्याची विवंचना नसलेला गृहस्थ रंगविला, त्याचे मूळ पॅरिसच्या सरदारी दिवाणखान्यात शोधू जाणारे फसतात. हा माणूस खेड्यातून आलेला, मद्याचा धंदा करणाऱ्यांच्या घरचा. आणि बड्या लोकांचा पोशाख, चालणे, टोपी उचलणे, हातमोजा काढणे या गोष्टी ज्याला वारशाने मिळाल्या नाहीत, मेहनतीने शिकाव्या लागल्या, त्यालाच त्या इतक्या बारकाईने दिसतात. बोर्दोच्या संगीत-नाट्यविद्यालयात त्याने अभिनयाचे पद्धतशीर शिक्षण घेतले, तेथे बक्षिसे मिळविली, तेथल्या रंगभूमीवर कामे केली, आणि १९०४ च्या सुमारास तो पॅरिसला आला. राजधानीच्या सरकारी नाट्यविद्यालयाने त्याला प्रवेश नाकारला. तेव्हा आंबिग्यू नाटकगृहात किरकोळ भूमिका पदरी पाडून घेऊन तो दिवस काढू लागला.

अशा नटाने १९०५ साली चित्रपटाकडे वळणे म्हणजे काय होते, हे आज समजावून सांगावे लागेल. चित्रपट ही त्या काळी जत्रेतल्या तंबूत दाखवावयाची चीज होती, आणि रंगभूमीवरच्या मानी नटाने तेथे तोंड दाखविणे हे घरंदाज गवयाने बँडपथकात ताशा वाजविण्यासारखे समजले जाई. ज्यांना पैशांची निकड असे ते दिवसा कॅमेऱ्यापुढे उभे राहत आणि रात्री नाटकगृहात जाऊन त्याविषयी अवाक्षर काढीत नसत. मॅक्सनेही काही वर्षे अशाच दोन नोकऱ्या केल्या. शार्ल पाते याच्या कंपनीचे कारखाने पॅरिसच्या सीमेवर व्हँसेन येथे होते. कोंबडा हे त्या कंपनीचे बोधचिन्ह. आणि त्या कोंबड्याचे आरवणे त्या वेळी अर्ध्याअधिक जगात ऐकू जाई, असे म्हटले तर त्यात अतिशयोक्ती थोडी. काचेच्या छपराखाली, उन्हाच्या भरवशावर, पडद्यांवर रंगविलेल्या भिंतींपुढे तेथे भराभर पट तयार होत आणि कापडाप्रमाणे मीटरच्या मापाने विकले जात. १९०७ साली पातेने विक्री बंद करून पट भाड्याने देण्याचा नवा रिवाज पाडला, आणि आज आपण चित्रपटगृहात दर आठवड्याला नवा खेळ पाहण्यास जातो त्याचे बीज बऱ्याच अंशी त्या व्यापारी निर्णयात आहे. पण तो विषय वेगळा.

विनोदी पटांचा तेथला मामला साधा होता. आंद्रे देद नावाचा एक अत्यंत चपळ नट होता. त्याने धावावे, कपाटे पाडावीत, चिनी मातीची भांडी फोडावीत, मागे पोलिस, दाया, भाजीवाले, सैनिक यांची रांग लागावी, आणि सर्वांनी मिळून एका ढिगात कोसळावे, म्हणजे पट पुरा झाला. मी या प्रकाराला तुच्छ लेखीत नाही. धावणाऱ्याच्या मागे धावणारी गर्दी पाहून हसू येणे हे मनुष्यजातीच्या फार जुन्या सुखांपैकी एक आहे. परंतु त्या हास्यात जो पडतो तो कोण आहे याला काही महत्त्व नसते. पडणे हेच सर्वस्व.

१९०७ साली लुई गास्निए या दिग्दर्शकाने मॅक्सकडून 'स्केटिंगचा पहिला धडा' अशा अर्थाच्या नावाचा एक पट करवून घेतला. हिवाळ्यात गोठलेल्या तळ्यावर एक तरुण येतो. अंगात बेतशीर शिवलेला काळा लांब कोट, डोक्यावर रेशमी उंच टोपी, हातात छडी, मोजे, चकचकीत बूट. बर्फावर घसरत जाण्याचे लोखंडी पट्टे त्याने आयुष्यात प्रथमच पायांना बांधले आहेत. यापुढे काय होते ते सांगण्याची आवश्यकता नाही. तो पडतो, पुन्हा पडतो, आणखी पडतो. देदही असाच पडला असता. पण मॅक्स पडल्यावर उठताना प्रथम टोपी पाहतो. पाय मोडला काय, मणका सरकला काय, याची चौकशी नंतर. आधी टोपी, मग मोजे, मग कोटाला लागलेला बर्फ, आणि मग तळ्याच्या काठाने कोणी पाहिले तर नाही ना, अशी एक ओझरती नजर. हा जो पडणे आणि उठणे यांमधला अवकाश आहे, त्यात मॅक्स लिंडरची सर्व कला भरलेली आहे. तो पट त्या वेळी विशेष चालला नाही. पण पुढे देद कंपनी सोडून इटलीत तुरीन येथे निघून गेला, पातेला त्याच्या जागी माणूस हवा झाला, आणि रेशमी टोपीचा हा तरुण १९१० च्या आतबाहेर 'मॅक्स' या नावानेच पटामागून पट करू लागला. नटाचे नाव तेच पात्राचे नाव, तेच पटाच्या मथळ्यात, तेच भिंतीवरच्या जाहिरातीत. चित्रपटाच्या व्यवहारात नटाच्या नावाला बाजारभाव येण्याचा जो प्रकार पुढे सर्वत्र रूढ झाला, त्याच्या अगदी पहिल्या मानकऱ्यांत याची गणना होते.

संस्कृत नाटकातला विदूषक आपणांस परिचित आहे. तो ब्राह्मण असून प्राकृत बोलतो, राजाचा मित्र असून मोदकांवर लक्ष ठेवतो, आणि त्याला कोणी काही बोलले तरी त्याचे काही जात नाही, कारण जाण्यासारखी प्रतिष्ठा त्याने मुळी जवळ बाळगलेलीच नाही. जगातले बहुतेक विदूषक याच कुळातले. चॅप्लिनचा फाटका भटक्याही, त्याच्या साऱ्या करुणेसकट, तिथलाच. मॅक्सचे कूळ याच्या उलट. त्याच्यापाशी प्रतिष्ठेवाचून दुसरे काही नाही. तो काय उद्योग करतो हे पटात कधी कळत नाही. त्याला घर आहे, नोकर आहे, एखाद्या श्रीमंत मुलीचा बाप त्याला जावई करून घेण्याच्या विचारात आहे, आणि हे सर्व एका गोष्टीवर अवलंबून आहे, ती ही की तो सभ्य दिसला पाहिजे. मग दैव त्याच्या मागे लागते.

आज दाखवावयाचा पट 'मॅक्सचे स्नान' हा याचा उत्तम मासला असल्यामुळे त्याविषयी थोडे अधिक बोलतो. डॉक्टरने मॅक्सला स्नानाचा उपचार सांगितला आहे. मॅक्स टब विकत घेतो आणि स्वतःच वाहून घरी आणतो. खोलीत नळ नाही. नळ आहे तो बाहेर, जिन्याच्या सोप्यात, सर्व भाडेकऱ्यांना सामाईक. लहानशा भांड्याने टब भरावयास घेतल्यावर हे काम जन्मभर संपणार नाही असे त्याच्या ध्यानात येते. तेव्हा तो शांतपणे, एखादा राजकीय पेच सोडविल्याच्या समाधानाने, टबच ओढीत नळापाशी नेतो, भरतो, आणि सोप्यातच स्नानास बसतो. लोक जिन्याने जाऊ-येऊ लागतात, बोभाटा होतो, पोलिस येतात, आणि टबातून बाहेर पडण्याची सोय नसल्यामुळे गृहस्थ टबासकट ठाण्यावर नेले जातात. पुढे तो निसटतो, टब पाठीवर उपडा घेतो, आणि भिंतींवरून कासवासारखा सरपटत पळतो.

एवढ्याशा गोष्टीत केवढा विचार आहे पाहा. प्रत्येक पायरीवर मॅक्सचे वागणे तर्कशुद्ध आहे. पाणी टबाकडे येत नसेल तर टबाने पाण्याकडे जावे, यात चूक कोठे आहे? तो बेशरम नाही. उलट सर्वांत अधिक लाज त्यालाच वाटते आहे, आणि ती लाज झाकण्यासाठी तो जो एकेक शहाणपणाचा उपाय करतो त्याने ती अधिकाधिक उघडी पडत जाते. मार खाऊन हसविणारे नट त्याच्या आधी होते, नंतरही झाले. पण अब्रू सांभाळण्याची धडपड हाच मनुष्याच्या बेअब्रूचा राजमार्ग होय, हे केवळ देहाच्या हालचालींनी दाखविणारा त्याच्यासारखा दुसरा मला आढळला नाही.

त्या काळचा कॅमेरा एका जागी उभा असे आणि माणूस बहुधा पुरता, बुटांपर्यंत, दिसे. चेहऱ्याचे निकटदर्शन दुर्मीळ, मजकुराच्या पाट्या मोजक्या. त्यामुळे मॅक्सच्या अभिनयात भुवई जितकी बोलते तितकीच बुटाची टाच बोलते. त्याच्या मुद्रेला वेडावाकडा रंग नाही, खोटे नाक नाही, ढगळ कपडे नाहीत. प्रेक्षागारातल्या कोणत्याही सुस्थितीतल्या माणसासारखा तो दिसे, आणि त्याचा धक्का असा, की हसता हसता त्या माणसाचा हात आपल्याच टोपीकडे जाई.

१९११ च्या 'क्विनीनचा बळी' या पटात हाच विचार त्याने अधिक तीक्ष्ण करून मांडला. डॉक्टरने शक्तीसाठी सिंकोनामिश्रित मद्याचा पेला घेण्यास सांगितले आहे. मॅक्सच्या घरी पेला म्हणून जे आहे ते एक घागरवजा पात्र. ते रिचवून तो रस्त्यावर येतो, आणि एकामागून एक अशा बड्या असामींशी त्याचे भांडण होते. त्यांत एक पोलिस अधिकारी, एक परराष्ट्राचा वकील, एक मंत्री. प्रत्येक जण द्वंद्वयुद्धाच्या रीतीप्रमाणे त्याच्या हातात आपले नावाचे कार्ड ठेवतो. पुढे गस्तीचे पोलिस या झिंगलेल्या माणसाला हटकतात, खिसा तपासतात, कार्ड वाचतात, आणि चट्कन मुजरा करून त्याला सन्मानाने त्या त्या बड्या माणसाच्या घरी, क्वचित त्याच्या शय्येपर्यंत, पोहोचवितात. माणूस तोच, नशा तीच. कागदाचा एक तुकडा बदलला की पोलिसांचा हात दंडुक्यावरून कपाळाकडे जातो. फ्रेंच प्रजासत्ताकाच्या कारभारावर याहून कडक टीका त्या वर्षीच्या वर्तमानपत्रांत झाली असेल. याहून थोडक्यात झाली असेल असे वाटत नाही.

युद्धापूर्वीची ती तीन-चार वर्षे त्याच्या वैभवाची. मध्यंतरी एका गंभीर दुखण्याने तो अंथरुणास खिळला होता. त्यातून उठल्यावर आपले पट तो स्वतःच दिग्दर्शित करू लागला, आणि युरोपच्या दौऱ्यावर निघाला. १९१२ साली स्पेनमध्ये बार्सेलोना येथे तो खराखुरा बैल अंगावर घेऊन रिंगणात उतरला, आणि त्याचाही पट केला. बर्लिन झाले, १९१३ साली रशियात पीटर्सबर्ग, मॉस्को झाले. ज्याला लोकांनी मुका पाहिला होता तो देहधारी समोर उभा राहिलेला पाहण्यास झुंबड उडे. पीटर्सबर्गच्या चित्रगृहांत मूकपटांना पियानोची साथ करणाऱ्यांत दिमित्री तिओमकिन नावाचा एक विद्यार्थी होता, आणि मॅक्सचे पट त्याच्या हाताखालून गेले. तो पुढे हॉलिवूडचा नामांकित संगीतकार झाला.

आपल्या देशाशी या कथेचा संबंध बेताचा आहे, तो बेतानेच सांगतो. पातेने १९०७ च्या सुमारास हिंदुस्थानात आपली कचेरी थाटली, आणि त्या कंपनीचा माल आपल्याकडच्या पडद्यांवर मुबलक येऊ लागला. एकेका खेळात गंभीर पटाच्या जोडीस एक छोटा हास्यपट लावण्याची पद्धत त्या मालाबरोबरच येथे रुळली. दादासाहेब फाळक्यांनीही आपल्या दुसऱ्या 'मोहिनी भस्मासुर' या पटाला 'पिठाचे पंजे' नावाचा एक छोटा विनोदी पट जोडला होता. याहून अधिक नाते जोडण्याचा मोह मी आवरतो.

१९१४ च्या ऑगस्टमध्ये युद्ध पेटले. मॅक्सची प्रकृती आघाडीवर लढण्याजोगी नव्हती. तो स्वतःची मोटार घेऊन सैन्याचे खलिते पोहोचविण्याच्या कामावर रुजू झाला. त्याच शरदात तो ठार झाल्याची वार्ता वर्तमानपत्रांतून पसरली, तिचा पुढे इन्कार झाला. पण फुप्फुसांचे जे दुखणे जडले ते पुरते गेले नाही, आणि त्याहून खोल अशी मनाची विषण्णता त्याला अधूनमधून ग्रासू लागली. ज्या समाजाची तो थट्टा करीत असे तो समाजच खंदकांत गाडला जात होता. टोपी सावरणाऱ्या माणसाला हसण्यासाठी टोपीला किंमत असावी लागते. ज्या घरांतून एकेक करून मुलगे परत येईनासे झाले, तेथे तिला काय किंमत?

१९१६ साली अमेरिकेतील एसनाय कंपनीचा मालक जॉर्ज स्पूर याने त्याच्याशी करार केला. चॅप्लिन नुकताच त्या कंपनीची नोकरी सोडून दुसरीकडे गेला होता, आणि त्याची जागा भरण्यास स्पूरला कोणी हवा होता. आठवड्यास ५,००० डॉलर, एकूण १२ पट, असा मक्ता ठरला. केवढा हा दैवदुर्विलास! ज्याच्यापासून चॅप्लिनने धडा घेतला त्याला चॅप्लिनचा बदली कामगार म्हणून शिकागोत उतरविण्यात आले. आणि अमेरिकेच्या प्रेक्षकाने त्याच्याकडे पाहिले ते, हा चॅप्लिनसारखा का नाही, याच दृष्टीने. तीन पट झाले, तेही यथातथाच चालले. प्रकृती पुन्हा ढासळली, करारनामा रद्द झाला, आणि हा गृहस्थ स्वित्झर्लंडच्या डोंगरात हवापालट करीत पडून राहिला.

करार मोडण्यापूर्वीच्या त्या अमेरिकेतल्या मुक्कामात कॅलिफोर्नियात चॅप्लिनचा व त्याचा जिव्हाळा जडला. प्रारंभी ज्या छायाचित्राचा उल्लेख मी केला ते या दिवसांतले. चॅप्लिनची काम करण्याची पद्धत मॅक्सने जवळून पाहिली, एकेक प्रसंग मनासारखा होईपर्यंत तो किती वेळा आणि किती फिल्म खर्चून घेतो ते नवलाने न्याहाळले, आणि मायदेशी परतल्यावर त्याविषयी मोकळ्या मनाने लिहिले. त्या लेखनात मत्सराचा लवलेश नाही. आपण काय शिकविले यापेक्षा आता आपणांस काय शिकता येईल याची उत्सुकता त्यात अधिक आहे. आपल्याकडे गुरुभक्तीच्या कथा पुष्कळ सांगितल्या जातात. शिष्याच्या शाळेत जाऊन बाकावर बसणाऱ्या गुरूच्या कथा मात्र क्वचितच ऐकू येतात.

चॅप्लिनने त्याच्याकडून पुष्कळ घेतले. छडी, सभ्यपणाचा आव, पडल्यावर टोपी सावरणे, हे सर्व त्याच्या भटक्याजवळ आहे. पण भटक्यापाशी हा आव गमावण्यासारखा नाही. तो त्याचा उसना अलंकार आहे, आणि म्हणून आपणांस त्याची दया येते. मॅक्सची दया येत नाही. तो आपली दया मागतच नाही. हीच गोष्ट चॅप्लिनच्या हाती लागली नाही, किंवा त्याने ती हेतुतः टाकली, कारण जगाला दया हवी होती.

परत आल्यावर १९१९ साली त्याने 'छोटे उपाहारगृह' हा मोठ्या लांबीचा पट केला. त्रिस्तां बेर्नार याच्या नाटकावरून त्याचा मुलगा रेमों बेर्नार याने तो दिग्दर्शित केला. एका वेटरला अकस्मात मोठा वारसा मिळतो. त्याच्या मालकाला हे आधी कळलेले असते, म्हणून तो त्याच्याकडून वीस वर्षे नोकरी न सोडण्याचा करार लिहून घेतो, आणि मोडल्यास जबर दंड. मग हा लक्षाधीश दिवसा बशा उचलतो आणि रात्री रेशमी टोपी घालून शहरभर मिरवतो. मॅक्सच्या भूमिकांपैकी ही मला फार अर्थपूर्ण वाटते. युरोपात पट गाजला. त्या बळावर तो पुन्हा अमेरिकेस गेला, या वेळी स्वतःच निर्माता होऊन, आणि १९२१-२२ मध्ये त्याने तीन मोठे पट केले.

त्यांतल्या 'सात वर्षांची साडेसाती' या पटातला आरशाचा प्रसंग विसरता येत नाही. लग्न ठरलेला मॅक्स मित्रांबरोबर रात्र जागवून घरी आला आहे. सकाळी नोकरांच्या धांदलीत मोठा आरसा फुटतो. धन्याला कळू नये म्हणून मॅक्ससारखाच पोशाख केलेला स्वयंपाकी रिकाम्या चौकटीमागे उभा राहतो, आणि मॅक्स दाढी करू लागताच त्याच्या प्रत्येक हालचालीची हुबेहूब नक्कल करतो. मॅक्सला संशय येतो. आपले प्रतिबिंब आपल्याशी इमान राखून आहे की नाही याची परीक्षा घेण्याची पाळी माणसावर यावी, आणि त्या परीक्षेत प्रतिबिंब दर वेळी उत्तीर्ण व्हावे! पुढे लबाडी उघडकीस येते; मॅक्स सूड म्हणून बूट उचलून भिरकावतो, पण तेवढ्यात चौकटीत नवा आरसा बसविलेला असतो, आणि आता तो खरोखरच त्याच्याच हातून फुटतो. अशा सोंगाची कल्पना रंगभूमीवर पूर्वीपासून होती, आणि पुढे १९३३ साली मार्क्स बंधू या विनोदी नटांनी तिचा जो उपयोग केला तो आज अधिक प्रसिद्ध आहे. परंतु मार्क्स बंधू आरशाशी खेळतात. मॅक्स आरशाला भितो, कारण आरशातल्या त्या सभ्य गृहस्थावर त्याची सारी भिस्त आहे.

अमेरिकेने याही वेळी त्याला हवा तसा हात दिला नाही. डग्लस फेअरबँक्सच्या 'थ्री मस्केटियर्स'चे विडंबन करणारा तिसरा पट संपवून तो १९२२ मध्ये परतला. दिग्दर्शक आबेल गांस याच्याबरोबर एक छोटा भुताटकीचा विनोद, मग व्हिएन्नात सर्कसवरचा एक पट. त्यानंतर पडद्यावर तो आला नाही.

त्याच्या अंताविषयी बोलणे मला टाळता आले असते तर टाळले असते. १९२३ च्या ऑगस्टमध्ये, वयाच्या ३९ व्या वर्षी, त्याने एलेन पेटर्स नावाच्या, विशीही न गाठलेल्या मुलीशी लग्न केले. संशयाने आणि विषण्णतेने त्याला पोखरलेले होते, आणि त्या संसारात तिला सुख लाभले नाही. १९२४ च्या आरंभी व्हिएन्नात दोघेही मरता मरता वाचली. १९२५ च्या ३१ ऑक्टोबर आणि १ नोव्हेंबर यांमधल्या रात्री पॅरिसमध्ये दोघांचाही अंत झाला. या घटनेला 'जगाला हसविणारा विदूषक अंतरी रडत होता' अशा ठराविक काव्याचा मुलामा देण्याची चाल आहे, तिचा मला तिटकारा येतो. त्या घटनेत एक तरुण स्त्रीही मेली, आणि मागे सोळा महिन्यांची एक मुलगी राहिली. कलावंताच्या कीर्तीच्या तराजूत या दोघींचे वजन घालण्यास आपण कचरू नये. आणि घातल्याने त्याचा पट कमी चांगला होतो असेही समजू नये. दोन्ही हिशेब वेगवेगळ्या वह्यांत लिहावेत.

त्या मुलीचे नाव मोद. तिच्या ताब्यावरून दोन घराण्यांत कोर्टकज्जा झाला, आणि बापाविषयी फारसे काही न ऐकता ती वाढली. दरम्यान ज्वालाग्राही फिल्मवरचे ते शेकडो छोटे पट, त्या काळच्या बहुतेक पटांप्रमाणे, जळाले, कुजले, मोडीत निघाले. मोठेपणी या मुलीने वडिलांना प्रथम पाहिले ते पडद्यावर, आणि मग आपले आयुष्य तिने त्यांचे पट हुडकण्यात घातले. १९६३ साली तिने अमेरिकेतल्या तीन मोठ्या पटांतून एक संकलित चित्रपट सिद्ध केला. १९८३ साली 'रेशमी टोपीचा माणूस' या अर्थाच्या नावाचा दुसरा. १९९२ साली वडिलांवर पुस्तक लिहिले. २०१७ मध्ये ती वारली. आज आपण मॅक्सचे जे काही पाहू शकतो त्यातले पुष्कळ या एका मुलीच्या चिकाटीचे फळ आहे, आणि चॅप्लिनच्या शिफारसपत्रापेक्षा मला हा पुरावा अधिक वजनदार वाटतो, कारण चॅप्लिनने त्याला ओळखले होते, आणि हिने त्याला ओळखलेले नसताना पडद्यावरच्या त्या मुक्या माणसावरून त्याचे देणे मान्य केले.

पॅरिसमध्ये बुलव्हार प्वासोनियेर या रस्त्यावर त्याने एक चित्रपटगृह घेतले होते; ते आजही त्याच्या नावाने चालू आहे.

माझा वेळ संपला, किंबहुना थोडा अधिकच झाला, आणि यंत्रावर बसलेले गृहस्थ केव्हापासून माझ्याकडे पाहत आहेत. 'मॅक्सचे स्नान' काही मिनिटांचाच पट आहे. तो टब ओढीत जिन्याकडे निघतो तेव्हा त्याच्या पायांकडे लक्ष ठेवा, एवढीच विनंती. आता दिवे मालवावेत.